कीटकांमध्ये नर की मादी, हे नक्की ठरतं कुठे?

टाचणी

शाळेत आपण सगळ्यांनीच घोकलेलं असतं: दोन एक्स म्हणजे मादी, एक्स आणि वाय म्हणजे नर. वाय आला की नर, विषय संपला. माणसापुरतं हे ढोबळमानाने ठीक आहे. पण हे एक्स-वाय प्रकरण मुळात सापडलं किड्यांमध्ये, आणि त्याला पहिला सुरुंग लागला तोही किड्यांमध्येच. बरेच दिवस या विषयावर सुटंसुटं वाचत होतो, ते एका जागी मांडतोय. जाणकारांनी भर घालावी.

१८९१ साली हेर्मान हेंकिंग हा जर्मन संशोधक पायरोकोरिस या लाल-काळ्या ढेकण्याच्या वृषणातल्या पेशी तपासत होता. शुक्राणू तयार होताना गुणसूत्रांच्या जोड्या सुटतात आणि प्रत्येक शुक्राणूच्या वाट्याला जोडीतलं एकेक येतं. इथे मात्र एकाला जोडीदारच नव्हता. ते निम्म्या शुक्राणूंत जायचं, उरलेल्या निम्म्यांत नाही. त्याने त्याला नुसतं ‘एक्स’ म्हणून ठेवलं. पुढे १९०१-०२ च्या सुमारास क्लॅरेन्स मॅक्लंग यांनी नाकतोड्यांवर काम करताना हेच लिंग ठरवत असावं असं मांडलं. कल्पना बरोबर, दिशा उलटी: ज्याला हे मिळतं तो नर होतो असं त्यांना वाटलं. प्रत्यक्षात नाकतोड्यांत मादीला दोन एक्स असतात आणि नराला एकच. वाय हा प्रकारच नाही.

१९०५ मध्ये नेटी स्टीव्हन्स यांनी टेनेब्रिओ या पिठात होणाऱ्या भुंगेऱ्याच्या पेशींतली गुणसूत्रं मोजली. मादीत २० मोठी. नरात १९ मोठी आणि एक अगदी चिमुकलं. म्हणजे निम्म्या शुक्राणूंत दहा मोठी, निम्म्यांत नऊ मोठी आणि ते एक पिटुकलं. पिल्लू नर होणार की मादी हे त्या पिटुकल्यावरून सांगता येत होतं. त्याच वर्षी एडमंड विल्सनही स्वतंत्रपणे याच निष्कर्षाला आले. पुढची कित्येक वर्षं पुस्तकांत विल्सन यांचं नाव ठळक आणि स्टीव्हन्स यांचं तळटीपेत, हे मला अजून खटकतं. कारण पुरावा स्टीव्हन्स यांचाच जास्त स्वच्छ होता.

इथवर सगळं पाठ्यपुस्तकात बसतं. मग फळमाशी आली. १९१६ मध्ये कॅल्व्हिन ब्रिजेस यांनी गुणसूत्रांची वाटणी चुकलेल्या माश्या तपासल्या. दोन एक्स आणि वर एक वाय असलेली माशी? मादी, तीही अंडी घालणारी. एकच एक्स आणि वाय अजिबात नाही? नर, फक्त वांझ. म्हणजे फळमाशीत वायचा लिंग ठरवण्याशी संबंधच नाही. शुक्राणू नीट तयार होण्यासाठी तो लागतो, बस. नंतर १९२१ मध्ये त्यांनी गुणसूत्रांचे (नेहमीच्या दोनऐवजी) तीन संच असलेल्या माश्यांवरून सांगितलं की एक्स आणि इतर गुणसूत्रांचे संच यांच्या प्रमाणावर सगळं अवलंबून आहे. तीन संचांत दोनच एक्स असले की मधलीच अवस्था निघते, धड नर ना मादी.

पुढची साठ-सत्तर वर्षं ओलांडून थेट जनुकांवर येतो. भ्रूण अगदी कोवळं असताना दोन एक्स असतील तर ‘सेक्स-लीथल’ नावाचं जनुक थोडा वेळ जागं होतं आणि त्याचं प्रथिन बनतं. थोड्या वेळाने हेच जनुक दुसऱ्या एका जागेवरून नर-मादी दोघांतही वाचलं जायला लागतं. पण त्याच्या आरएनएमध्ये (प्रथिन बनवण्यासाठी काढलेली जनुकाची नक्कल) एक तिसरा तुकडा असा आहे की ज्यात ‘इथे थांबा’ अशी खूण आहे. मादीत आधी बनलेलं प्रथिन हजर असतं, ते हा तुकडा वगळायला लावतं. त्यामुळे अखंड प्रथिन बनतं, ते पुन्हा तेच काम करतं, आणि हे चक्र आयुष्यभर चालू राहतं. नरात सुरुवातीचं प्रथिनच नाही, तिसरा तुकडा आतच राहतो, प्रथिन अर्धवट तुटतं. एक्स मोजण्याचं काम एकदाच, पहिल्या काही तासांत होतं. नंतर त्या पेशीला किती एक्स आहेत हे कोणी विचारत नाही.

मादीतलं सेक्स-लीथल पुढे ‘ट्रान्सफॉर्मर’च्या आरएनएची कातरजोड (कुठले तुकडे ठेवायचे, कुठले गाळायचे ते) बदलतं, ट्रान्सफॉर्मर पुढे ‘डबलसेक्स’ची. डबलसेक्सचं प्रथिन मात्र दोघांतही बनतं: मादीत एका घडणीचं, नरात दुसऱ्या. शरीर प्रत्यक्षात घडवणारं हेच. आल्फ्रेड स्टर्टेव्हंट यांनी १९४५ मध्ये वर्णन केलेलं ट्रान्सफॉर्मरचं उत्परिवर्तन याच साखळीतलं: दोन एक्स असलेली माशी दिसायला चक्क नर होते, पण वांझ.

आता माझा मुद्दा. ही साखळी सगळ्या किड्यांची म्हणून शिकवली जाते, पण तिचं वरचं टोक फळमाशीच्या गोतावळ्यापुरतंच आहे. घरमाशीतही सेक्स-लीथल आहे, पण लिंग ठरवण्याच्या कामात ते नाही. मधमाशीत, डासांत, रेशीमकिड्यात प्रत्येकाची वरची कळ वेगळी. आणि खाली बघावं तर सगळीकडे डबलसेक्स. सरकारी कचेरीत साहेब बदलत राहतात आणि फाइल शेवटी त्याच एका कारकुनाच्या टेबलावर येते, तसं. त्यामुळे ‘कीटकांत लिंग कुठलं गुणसूत्र ठरवतं’ हा प्रश्नच मला थोडा चुकीचा वाटतो. ‘डबलसेक्सपर्यंत निरोप कोणत्या वाटेने जातो’ असं विचारलं की चित्र बरंच सुटसुटीत होतं.

उगाच

वाचतोय. पहिल्यांदाच कुणीतरी ‘थांबा’वाला तुकडा कळेल असा सांगितला.

शंकासुर

छान लेख. दोन बाळबोध शंका. एक, पेशी एक्स मोजते म्हणजे काय करते? तिला आकडे थोडेच येतात. दोन, प्रमाण की संख्या? ब्रिजेस प्रमाण म्हणतात आणि तुम्ही पुढे ‘दोन एक्स असतील तर’ म्हणता.

टाचणी

@शंकासुर, बाळबोध कसल्या, वर्मावर बोट ठेवलंत. एक्सवर काही जनुकं अशी आहेत की त्यांची प्रथिनं सेक्स-लीथलला जागं करतात. एक एक्स असला तर त्यांची मात्रा कमी पडते, दोन असले तर पुरते. मोजणं म्हणजे एवढंच: एक उंबरठा आहे आणि तो ठरावीक वेळेत ओलांडला जातो की नाही.

दुसऱ्याचं उत्तर २००७ मध्ये आलं. एरिकसन आणि क्विंटेरो यांनी दाखवलं की भ्रूण भागाकार करत नाही, एक्सवरच्या त्या जनुकांची मात्राच मोजली जाते. संचांच्या संख्येमुळे फरक पडतो तो वेळेमुळे. कोवळ्या भ्रूणात आधी नुसती केंद्रकंच वाढतात, त्यांच्याभोवती पेशींच्या भिंती नंतर येतात. संच तीन असले की ही केंद्रकं पेशींत बंद होण्याची वेळ अलीकडे येते, एकच असला तर पलीकडे जाते. मोजायला मिळणारा वेळ कमी-जास्त होतो आणि बाहेरून बघणाऱ्याला ते प्रमाण वाटतं. ब्रिजेस यांचे आकडे खरेच होते, त्यांच्यामागची यंत्रणा वेगळी निघाली.

पोळेवाला

माझ्याकडे मधमाश्यांच्या पेट्या आहेत, त्यामुळे मी मधमाशीवर लिहितो.

सगळ्यांना माहीत असतं की राणीने शुक्राणू न सोडता घातलेल्या अंड्यातून नर होतो, फलित अंड्यातून मादी. यान झिएर्झोन या धर्मगुरू-मधपाळाने १८४५ मध्येच हे मांडलं होतं, गुणसूत्र हा शब्दही नव्हता तेव्हा. मादीत ३२ गुणसूत्रं, नरात १६. यावरून वाटतं की एक संच म्हणजे नर, दोन संच म्हणजे मादी, एवढं सोपं आहे. तसं ते नाही.

कधी कधी चांगली तगडी राणी असूनही पोळ्यातली पिलावळ विरळ दिसते. मोहोरबंद घरांच्या मध्ये मध्ये रिकामी घरं, एखाद्या फळीवर गोळ्या झाडल्यासारखी. पहिली शंका रोगाची येते. पण रोग असला की बसकी टोपणं दिसतात, मेलेल्या अळ्या, वास. इथे तसलं काही नाही, रिकामी घरं लख्ख पुसलेली. त्याच चौकटीवर अंडी नीट पाहून ठेवली तर प्रत्येक घरात एकेक अंडं बरोबर उभं असतं. तीन दिवसांनी अंडी फुटतात आणि त्यानंतर लगेचच काही घरं मोकळी होतात. कामकरी माश्यांनी त्या अळ्या खाल्लेल्या असतात. येझी वॉयके या पोलिश संशोधकांनी १९६३ मध्ये दाखवलं की या अळ्या म्हणजे दोन संच असलेले नर. पोळ्याबाहेर हाताने वाढवल्या तर त्यातून जिवंत नर निघतातही. पोळ्यात मात्र अंड्यातून बाहेर आल्यावर काही तासांत त्यांचा निकाल लागतो.

कारण ‘सीएसडी’ हे जनुक. मार्टिन बाये यांच्या गटाने ते २००३ मध्ये शोधून काढलं. याची निरनिराळी रूपं असतात, जगभरात मिळून शंभरावर असावीत असा अंदाज आहे. दोन वेगळी रूपं एकत्र आली तर मादी. एकच रूप असेल तर नर, मग ते संच एकच असल्यामुळे असो की दोन्ही संचांत तेच रूप आल्यामुळे. राणीशी संग केलेल्या नराचं रूप राणीच्या दोनपैकी एकाशी जुळलं, की त्या नरापासूनची निम्मी फलित अंडी वाया. राणी उडता उडता दहा-वीस नरांशी संग करून येते, त्याचा एक फायदा हा: एखादा जुळला तरी नुकसान आटोक्यात राहतं. बाहेरचं रक्त न आणता त्याच त्या वसाहतींतून राण्या काढत राहिलं की पोळं विरळ होत जातं, ते यामुळेच.

विज्ञानबाई

@पोळेवाला, फार सुंदर प्रतिसाद. वर्गात सांगायला मी हा नक्की उचलणार. याचा पूर्वज शोध गांधीलमाशीच्या कुळातला आहे. ब्रॅकॉन या परजीवी माशीत फिनिअस व्हायटिंग यांना दोन संचांचे नर सापडले आणि १९४० च्या दशकात त्यांनी अनेक रूपांच्या एकाच जनुकाची कल्पना पक्की केली. मधमाशीत ते जनुक हाती लागायला पुढे साठ वर्षं गेली.

पण मग एक प्रश्न. अळ्या खाण्यापेक्षा त्या वाढवल्या तर काय बिघडतं? नर तर हवेच असतात.

पोळेवाला

@विज्ञानबाई, त्यांचे शुक्राणू दोन संचांचे होतात, त्यांचा उपयोग नाही. आणि कामकरी माशीच्या जागी असा नर म्हणजे खाणारं तोंड वाढलं, हात कमी झाले. लवकर खाल्लं तर निदान अळीवर झालेला खर्च थोडा परत मिळतो आणि राणी त्याच घरात पुन्हा अंडं घालते. आमच्या दृष्टीने क्रूर, पण हिशेब चोख आहे.

रातकिडा

एक संच-दोन संच आलं की कुणीतरी ‘म्हणून मुंग्या-मधमाश्यांत बहिणी एकमेकींसाठी राबतात’ हे आणणारच, त्याआधी मीच आणतो. १९६४ चा हॅमिल्टन यांचा मुद्दा: बापाचा संच एकच असल्यामुळे सख्ख्या बहिणींत तीन चतुर्थांश वारसा समान, स्वतःच्या मुलीशी मात्र निम्माच. म्हणून बहिणी वाढवणं परवडतं. ऐकायला झकास. पण मधमाशीची राणी दहा-वीस नरांशी संग करते, मग त्या बहुतेक सावत्र बहिणी झाल्या. आणि वाळवीचं काय? तिच्यात नर-मादी दोघंही दोन संचांचे, राणीबरोबर राजाही असतो, कामकऱ्यांत दोन्ही लिंगं, तरी वारूळ दणक्यात चालतं. हा मुद्दा निदान एकट्याने सगळं समजावत नाही.

सूक्ष्मदर्शी

मी फळमाश्यांवर काम करतो. टाचणी यांनी एक गोष्ट ओझरती लिहिली आहे, तिच्यावर थोडं थांबायला हवं. ‘पेशीला कोणी विचारत नाही.’ कीटकांत प्रत्येक पेशी आपलं लिंग स्वतः ठरवते. आपल्यात जननग्रंथी ठरतात आणि मग संप्रेरकं रक्तातून सगळ्या शरीराला सांगत सुटतात. किड्यांत तशी लिंगसंप्रेरकांची व्यवस्था नाही.

याचा परिणाम डोळ्यांनी दिसतो. दोन एक्स असलेल्या भ्रूणात अगदी पहिल्या विभाजनात एका केंद्रकातून एक एक्स गळाला, तर त्या केंद्रकापासून झालेल्या सगळ्या पेशी नराच्या आणि उरलेल्या मादीच्या. भिंगाखाली अशी माशी आडवी ठेवली की बघतच राहावं. एका बाजूचा डोळा लाल, दुसऱ्या बाजूचा पांढरा (हरवलेल्या एक्सवर लाल रंगाचं जनुक होतं, राहिलेल्यावर पांढऱ्याचं). पुढच्या पायावर नराला काळ्या केसांचा एक छोटा कंगवा असतो, तो एकाच पायाला. पोटाचं टोक अर्धं काळं, अर्धं पट्ट्यांचं. दोन्हींमधली सीमा धारदार, कुठेही धूसर मिश्रण नाही. मॉर्गन आणि ब्रिजेस यांनी १९१९ मध्ये अशा माश्यांवर मोठं काम प्रसिद्ध केलं. फुलपाखरांत एक पंख नराचा आणि एक मादीचा असे नमुने संग्रहालयांत असतात, त्यांच्यातही दोन्ही लिंगांच्या पेशी शेजारी शेजारी असतात.

एक दुरुस्ती म्हणा किंवा पुरवणी: अंडी-शुक्राणू बनवणाऱ्या पेशी मात्र पूर्ण स्वतंत्र नाहीत. त्यांना आजूबाजूच्या पेशींचे इशारे लागतात.

शंकासुर

हे भारीच. म्हणजे ज्याला आपण ‘अर्धा नर अर्धी मादी’ म्हणतो त्यात गोंधळ नसून दोन्ही बाजूंचा निर्णय ठाम असतो. आणि ब्रिजेस यांच्या तीन संचांच्या माश्या? त्याही अशाच ठिगळाच्या का?

सूक्ष्मदर्शी

बरोबर ओळखलंत. तिथे मात्रा उंबरठ्यावरच लटकते, काही पेशींत सेक्स-लीथल चालू होतं, काहींत नाही. दुरून मधलं लिंग वाटतं, जवळून नर-मादी पेशींची गोधडी. खरोखर मधली पेशी हवी असेल तर डबलसेक्स काढून टाकावं लागतं. तेव्हा मात्र दोन्ही लिंगांच्या माश्या सारख्याच, अध्यामध्या दिसतात.

कोषातला

रेशीमकिडा कोणी आणला नाही अजून, मी आणतो. पतंग आणि फुलपाखरांत उलटी रीत: नराला दोन झेड, मादीला झेड आणि डब्ल्यू. इथे जोडी विषम आहे ती आईची. आणि रेशीमकिड्यात डब्ल्यू खरंच मादी ठरवतो. झेड कितीही असोत, डब्ल्यू आला की मादी. हे १९३० च्या दशकापासून माहीत होतं, पण डब्ल्यूवर शोधून शोधून प्रथिन बनवणारं जनुक सापडेना. उड्या मारणाऱ्या, म्हणजे गुणसूत्रांत जागा बदलत फिरणाऱ्या डीएनएचा नुसता कचरा. २०१४ मध्ये जपानमधल्या किउची, कात्सुमा आणि सहकाऱ्यांनी उत्तर दिलं आणि अनेकांची विकेट पडली: डब्ल्यूवरून निघणारा एक चिमुकला आरएनए, जेमतेम २९ अक्षरांचा. तो झेडवरच्या ‘मॅस्क’ या नर बनवणाऱ्या जनुकाचा आरएनए कापायला लावतो. मॅस्क गप्प, म्हणून मादी. ज्या यंत्रणेचं मूळ काम उड्या मारणाऱ्या डीएनएला आवरणं, तीच इथे लिंग ठरवायला जुंपली गेली.

रेशीम उद्योगाला यात रस आहे कारण नर खाल्लेल्या पाल्याच्या मानाने रेशीम जास्त देतो. मादीची ताकद अंड्यांत जाते. अंड्याचा रंग ठरवणारं जनुक डब्ल्यूवर चिकटवून अंडी असतानाच नर-मादी वेगळे करता येणारे वाण जपानमध्ये फार पूर्वीच तयार झाले.

उगाच

अवांतर: पिकावरच्या माव्याचं काय? तो तर नराशिवायच वाढत असतो म्हणतात.

टाचणी

@उगाच, अवांतर नाही, आवडता विषय आहे. उन्हाळाभर माव्याच्या माद्या संगाशिवाय पिल्लं घालतात, सगळ्या माद्या, आईच्या प्रती. दिवस लहान व्हायला लागले की काही माद्या नरही घालतात, तेही संगाशिवायच. अंड्यातून फक्त एक एक्स काढून टाकला जातो, बाकी संच जसाच्या तसा. एकच एक्स राहिला, झाला नर. पुढे त्या नराचे ज्या शुक्राणूंत एक्स नाही ते मरून जातात. म्हणून फलित अंड्यांतून वसंतात सगळ्या माद्याच निघतात. इथे दिवसाची लांबी कळ दाबते, पण दाबते ती गुणसूत्रावरच.

पिठ्या ढेकणात तर आणखी मजा. नराला आई-बाप दोघांचे संच मिळतात, पण बापाचा संच भ्रूण लहान असतानाच आवळून गठ्ठा करून बंद केला जातो, आणि शुक्राणूंत तर जातच नाही. बाप झाला खरा, पण मुलाच्या पुढे त्याचा वंश नाही.

गुणाकार

सगळं वाचलं. मला एक कळत नाही. नर-मादी वेगळे करणं ही इतकी मूलभूत गोष्ट. एकदा चालणारी यंत्रणा सापडल्यावर उत्क्रांतीने ती पुन्हा पुन्हा का उकरावी? हृदय किंवा डोळा असा दर चार घरांआड बदलत नाही. मला तर हे यंत्रणा कमकुवत असल्याचं लक्षण वाटतं.

सूक्ष्मदर्शी

उलट. खालचा भाग मजबूत आहे म्हणून वरची कळ बदलणं परवडतं. डबलसेक्सला हात लावला तर शंभर गोष्टी बिघडतात. त्याचा गोत्रज तर माणसातही आहे, डीएमआरटी१ नावाचा, वृषणाच्या कामात. पण वरून ट्रान्सफॉर्मरला गप्प करणारं कुठलंही नवं जनुक उपटलं तर ते लगेच नवा नरकारक होऊ शकतं. घरमाशी हे जिवंत उदाहरण. तिच्यात नरकारक ‘एम’ कधी वायवर असतो, कधी दुसऱ्याच कुठल्या गुणसूत्रावर, अगदी एक्सवरही. २०१७ मध्ये ते जनुक सापडलं, एमडीएमडी. आरएनए कातरण्याच्या यंत्रातल्या एका जुन्या जनुकाची ती बदललेली नक्कल आहे. काही ठिकाणी सगळ्याच नरांना एम दुहेरी आहे, म्हणजे प्रत्येक पिल्लाला तो मिळणारच, तिथे मग माद्या कशा होतात? त्यांच्याकडे ट्रान्सफॉर्मरचं असं रूप असतं की जे एमला जुमानत नाही. म्हणजे एकाच जातीत कुठे नर ठरवणारं गुणसूत्र, कुठे मादी ठरवणारं.

डासांतही तेच. डेंग्यू पसरवणाऱ्या एडिस इजिप्तायमध्ये २०१५ ला ‘निक्स’ सापडलं, मलेरिया पसरवणाऱ्या अॅनोफिलिस गॅम्बियामध्ये २०१६ ला ‘योब’, आणि भूमध्य फळमाशीत (ही फळबागेची कीड, ब्रिजेस यांची फळमाशी नव्हे) २०१९ ला ‘मॉय’. काम सगळ्यांचं एकच, नर बनवणं. पण जनुकं एकमेकांची कोणी लागत नाहीत.

गुणाकार

परवडतं हे मान्य. पण परवडणं आणि घडणं यात फरक आहे. ढकलतंय कोण?

रातकिडा

@गुणाकार, एक ढकलणारा मी देतो: वोल्बाकिया. किड्यांच्या पेशींत राहणारा जिवाणू. तो फक्त आईकडून अंड्यातून पुढे जातो, शुक्राणूतून नाही. त्याच्या दृष्टीने नर म्हणजे बंद गल्ली. मग तो काय करतो? कुठे नर भ्रूण मारतो, म्हणजे बहिणींना खाणं जास्त मिळतं. कुठे नराची मादी करतो. ट्रायकोग्रामा या इवल्या माशीत तर अफलित अंड्यातूनही माद्याच काढतो. प्रतिजैविक दिलं की नर पुन्हा व्हायला लागतात.

सामोआच्या बेटांवर हायपोलिम्नास बोलिना या फुलपाखरात २००१ मध्ये नर जेमतेम एक टक्का उरले होते. २००६ पर्यंत जवळपास बरोबरी! जिवाणू होता तिथेच होता. फुलपाखरांत त्याला दाबणारं जनुक पसरलं होतं, दहाएक पिढ्यांत. एक टक्का नर असताना जो नर जगवेल त्याची चांदी. हा दाब इतका प्रचंड असतो की वरची कळ बदलायला वेळ लागत नाही.

आणि @कोषातला, तुमच्या मॅस्कशीच याची गाठ आहे. मक्यावरच्या एका पतंगात, ऑस्ट्रिनियात, वोल्बाकियाचं ‘ऑस्कर’ हे प्रथिन मॅस्कला पकडून नष्ट करवतं, त्यामुळे नर मरतात. २०२२ मध्ये हे उलगडलं. कहर म्हणजे त्या वंशाला औषध देऊन जिवाणू काढला तर माद्या मरतात. इतक्या पिढ्या मादी बनवण्याचं काम जिवाणूच करत होता, पतंगाची स्वतःची यंत्रणा त्या नादात गेली.

गुणाकार

हे शेवटचं पटलं. भाडेकरूने घरच नावावर करून घेतलं.

विज्ञानबाई

याचा माणसाला काही उपयोग? विद्यार्थी पहिला प्रश्न तोच विचारतात.

सूक्ष्मदर्शी

भरपूर. भूमध्य फळमाशीचे वांझ नर कोट्यवधींनी सोडून तिची पैदास रोखतात. माद्या सोडून उपयोग नसतो, फळं त्याच डंखतात. म्हणून असा वाण बनवला की अंडी ३४ अंशांच्या आसपास ठेवली की माद्या मरतात. उष्णतेला बळी पडणारं जनुक दोघांत आहे, पण त्याची निकोप प्रत वायला जोडलेली, म्हणून नर वाचतात.

डासांत चावते ती मादीच. २०२० मध्ये निक्स एकटं घालून एडिसच्या माद्यांचे प्रजननक्षम नर केले गेले, पण ते उडेनात. नराच्या उड्डाणासाठी शेजारचं मायो-सेक्स नावाचं दुसरं जनुक लागतं. आणि २०१८ मध्ये लंडनच्या इम्पीरियल कॉलेजमधल्या गटाने अॅनोफिलिस गॅम्बियाच्या डबलसेक्सवरच वार केला, मादीपुरत्या लागणाऱ्या तुकड्यावर. जनुकाचं असं रूप की जे निम्म्याऐवजी जवळपास सगळ्या पिल्लांत जातं. दोन्ही प्रती बिघडलेल्या माद्या धड चावू शकत नव्हत्या, अंडी घालू शकत नव्हत्या. पिंजऱ्यातली पैदास ७ ते ११ पिढ्यांत संपली. डबलसेक्सच का निवडलं? टाचणी यांच्या मुद्द्यामुळेच: तो तुकडा इतका जपलेला आहे की डासाला त्यात पळवाट म्हणून बदल करायला जागाच कमी.

रातकिडा

पिंजऱ्यात. मोकळ्या रानात एकदा सोडलं की परत बोलावता येत नाही, हेही विद्यार्थ्यांना सांगा. आत्ताच सामोआचं फुलपाखरू पाहिलं आपण: लिंगाचं प्रमाण एकीकडे झुकवलं की त्याला तोड देणाऱ्याला बक्षीस मिळतं. डबलसेक्समध्ये पळवाट नसेल, पण ती दुसरीकडून निघणारच नाही असं मी तरी छातीठोक सांगणार नाही.

सूक्ष्मदर्शी

मान्य. म्हणून तर अजून पिंजऱ्यात आहे.

शंकासुर

शेवटची शंका, मग झोपतो. मुंग्या-मधमाश्यांत फलित अंड्यातून नर म्हणजे नेहमी चूकच का? पोळेवाल्यांच्या त्या दोन संचांच्या नरासारखी?

टाचणी

नेहमी नाही. २०२३ मध्ये पिवळ्या वेड्या मुंगीवरचं काम प्रसिद्ध झालं, अॅनोप्लोलेपिस ग्रासिलिपेस. तिच्यात दोन वंश आहेत, आर आणि डब्ल्यू म्हणू. हा डब्ल्यू रेशीमकिड्याचा नव्हे, नुसतं नाव. राणीत दोन्ही संच आरचे. आरचा शुक्राणू मिळाला तर पुढची राणी होते. डब्ल्यूचा मिळाला आणि दोन्ही केंद्रकं एकत्र आली तर कामकरी. पण डब्ल्यूचा मिळूनही कधी ती एकत्र येतच नाहीत, दोन्ही आपापली वेगळी विभागत राहतात. त्यातून नर होतो: काही पेशी निव्वळ आईच्या वंशाच्या, काही निव्वळ बापाच्या, प्रत्येक पेशीत संच एकच. अंडं फलित आहे आणि पेशी एकसंची आहेत, दोन्ही एकाच वेळी खरं. त्याच्या शुक्राणूंत मात्र मुख्यतः डब्ल्यूच सापडतो.

शंकासुर

झोप उडवलीत राव. मग अशा नरात सीएसडीसारखं जनुक काय बघत असेल? पेशीपुरतं एकच रूप, म्हणून नर?

सूक्ष्मदर्शी

वर लिहिलं तसं पेशी पेशीपुरतंच बघते, त्यामुळे तर्काने तसंच दिसतं. फक्त मुंग्यांत वरची कळ सगळीकडे सीएसडीच आहे असं धरून चालू नका.